लांब रानात बैल सुटले तेव्हा

वाचकहो, तुमचा दिवस कोण मोजतो? 'सूर्य मोजतो' असं उत्तर तुमच्या ओठावर आलं असेल, तर जरा थांबा. परवापरवापर्यंत मीही हेच उत्तर दिलं असतं, आणि वर तुम्हाला हसलोही असतो. आता हसणार नाही. मी मोहरखेड्याला जाऊन आलो आहे.

मी जालन्याचा. मामाच्या छापखान्यात, पत्रकांच्या गठ्ठ्यांवर झोपून मोठा झालो. शाळेत जाण्याआधी मला 'जाहीर' आणि 'धिक्कार' हे दोन शब्द वाचता येत होते. निजामाची राजवट गेली, जहागिरी गेल्या, तेव्हा मामा म्हणाले, "बस कर आता, लग्नपत्रिका छापू." आणि खरंच छापू लागलो. अशीच एक पत्रिका छापून घ्यायला मोहरखेड्याचे बन्सीशेठ आले. मारवाडी माणूस; त्यांच्या आजोबांच्याही आधीपासून गावात किराणा दुकान. प्रूफ वाचता वाचता सहज बोलून गेले, "आमच्याकडं बाया एका दिवसाला तीन भाकऱ्या बांधून जातात. रानच तसं हाय. आत गेलं की दिवस सरत न्हाई."

"म्हणजे काम फार?"

"काम न्हाई ओ, दिवस! दिवसच लांब!"

मी हातातले छपाईचे खिळे तसेच टाकले आणि त्यांच्यासोबत निघालो.

अंबड ओलांडल्यावर

अंबडपर्यंत बस, पुढे शेठची बैलगाडी. पौषातली थंडी, गाडीत मिठाची पोती आणि रॉकेलचे डबे. दोन्ही बाजूंना शाळू हिरवागार, कणसांत नुकतं दूध भरलेलं. शेठ मधूनच म्हणाले, "पेपरवाले, पहिले मला वाटायचं, या रानात जाणाऱ्या बाया माझं मीठ नेऊन दुसऱ्या गावात विकतात. बाकीच्या घराच्या दुप्पट मीठ लागायचं त्यांना. मंग कळलं, खाणाऱ्याचं आयुष्यच दुप्पट चालून राह्यलं, मीठ काय करंल?"

नाला ओलांडला आणि समोर ते दिसलं. सपाट काळ्या रानात एक मोठा खोलगट भाग, परातीसारखा. कडेनं चुना फासलेले धोंडे. धोंड्यांच्या अलीकडे शाळू हिरवा, पलीकडे पिकून पिवळाधमक. अलीकडे ऊन कडक, पलीकडे पातळ, ताकासारखं. आत बाया विळ्यानं पीक कापत होत्या, आणि कोंबड्यांनी दाणे टिपावेत तशा भराभर वाकत होत्या, उठत होत्या. कलकलाट चालला होता.

"चिमण्या फार दिसतात," मी म्हणालो.

"चिमण्या न्हाईत. बाया गाणी म्हणून राह्यल्या."

मी धोंड्यापाशी कान लावला. खरंच, त्या कलकलाटाला चाल होती.

समजायला सोपं आहे, पचायला अवघड. चुन्याच्या धोंड्याच्या आत वेळ भरभर जातो. बाहेर सूर्य उगवून मावळेपर्यंत एक दिवस होतो. आत तेवढ्यात तीन दिवसांचं आयुष्य सरतं. तीनदा पोट खपाटीला जातं. रानाचे मालक तात्यासाहेब वर्षाला तीन सुग्या काढतात. जालन्याच्या मोंढ्यात सगळ्यांआधी त्यांची ज्वारी येते. आणि मजुरांना मजुरी मिळते ती एका रोजाची. का? तर सूर्य एकदाच उगवला म्हणून!

हे असं का होतं? गावात कुणी सांगतं तिथे एका साध्वीचा शाप आहे, कुणी म्हणतं खाली पोकळी आहे. मी फार विचारलं नाही. मी कारण शोधायला गेलो नव्हतो, चोर शोधायला गेलो होतो.

पहिली संध्याकाळ

दिवस मावळता बाया बाहेर आल्या. धोंडा ओलांडताना प्रत्येकीची चाल एकदम मंदावत होती, पाण्यात शिरल्यासारखी. सगळ्यांत पुढे एक म्हातारी. केस पांढरे, पुढचे दात पडलेले, पण मान ताठ. मी पुढे होऊन वाकलो आणि तिच्या पायाला हात लावला.

"आजी, मी जालन्याहून आलोय."

आजी दोन पावलं मागे सरली आणि मागच्या बाया खदखदून हसल्या.

"आजी म्हणून राह्यला गं कौसाला!"

"उठा, भाऊ, उठा," ती म्हणाली. "किती वर्साचे तुम्ही?"

मी सांगितलं.

"मंग मीच पडायला पायजे तुमच्या पाया. माझ्याहून दोन वर्सानं मोठे हाव तुम्ही."

कौसाबाई. वाचकहो, तुमच्या घरात या वयाची बहीण असेल. ती आरशासमोर उभी राहून वेणी घालत असेल. कौसाबाई लहानपणापासून लांब रानात जाते. तिचा नवरा त्याच रानात मोट हाकायचा. तो म्हातारपणानं वारला. त्याच्यासोबत गोट्या खेळलेले गडी अजून तालमीत लाल माती अंगाला लावतात.

मी बन्सीशेठच्या ओट्यावर उतरलो होतो, पण रात्रीचं जेवण कौसाबाईच्या थोरल्या बहिणीकडे, सुभद्राबाईंकडे झालं. त्यांचं घर बलुत्यावर चालतं, रानात जात नाही. त्या काळ्याभोर केसांच्या, ठसठशीत. बाजरीची भाकरी, येसराची, म्हणजे भाजल्या धान्य-मसाल्याच्या पिठाची आमटी, भाजलेल्या वांग्याचं भरीत. आमच्या जालन्यात येसर म्हणजे लग्नकार्याचं जेवण. इथे साध्या दिवशीही पाहुण्याला करतात. जेवताना कौसाबाई उद्याच्या भाकऱ्या बांधत होती. तीन फडकी. पहिल्या भाकरीत कांदा आणि ठेचा, दुसरीत कारळाची चटणी. तिसऱ्या फडक्यात नुसती भाकरी.

"तिसरीला काही नाही?"

"तिसरीच्या टायमाला चव कळत न्हाई, भाऊ. ती पोटात ढकलायची असती."

तिची मुलगी मंगल चुलीपाशी बसली होती. नुकती मोठी झालेली, लाजरी. मुकादमाचा निरोप येऊन गेला होता की या सुगीपासून हिलाही रानात धाडा. कौसाबाईने फडक्याची गाठ मारली आणि माझ्याकडे न बघता म्हणाली, "पोरगी रानात गेली की बघता बघता माझ्या थोरल्या भनीएवढी दिसंल. मंग मी तिला काय म्हणू? आक्का म्हणू?"

मला तिथेच भाषण सुचलं. दुर्दैवानं.

बांधावरचं भाषण

दुसऱ्या दिवशी सकाळी बांधावर उभा राहून, आत काम करणाऱ्यांकडे तोंड करून, मी घसा मोकळा केला. पत्रकांवर वाढलेला माणूस आहे. कुठे थांबायचं हे मला कुणी शिकवलंच नाही. शोषणाचा इतिहास सांगितला, जगभरच्या कामगारांचा हवाला दिला, मुठी आवळल्या. आतल्या बाया मधून मधून माझ्याकडे बघत, भराभर हात हलवत, पुन्हा वाकत. मला वाटलं, ठिणगी पडली.

संध्याकाळी कौसाबाईने विचारलं, "भाऊ, सकाळी तुमचं पोट दुखत होतं का?"

"का?"

"बांधावर उभं राहून हंबरून राह्यले होते म्हणून. आमच्याकडं आवाज लई लांबट येतो बाहेरचा. तुमचं 'बंधूंनो' सरंस्तवर माझी वळ कापून झाली. त्या दगडूनं तर बैल चुकला समजून कान टवकारले."

दगडू म्हणजे हल्लीचा मोटकरी. तो लाजून हसला. "नंतर झोप लई छान लागली पण," तो म्हणाला. "मुकादमालाबी लागली. म्हणून उद्याबी या."

बन्सीशेठच्या ओट्यावर त्या दिवशी हाच विषय. मी रागावून आत गेलो आणि शेंगदाण्याची चटणी, भाकरी, सगळं रागारागानं खाल्लं. पण एक गोष्ट डोक्यात बसली. बाहेर उभं राहून आतल्यांना शहाणपण शिकवायचं, तर शब्दसुद्धा सडून पोचतात. आत जायला हवं होतं.

संक्रांत

पुढचा दिवस संक्रांतीचा, रान बंद. सुभद्राबाईंच्या दारात मी तिळगूळ खात बसलो होतो. कौसाबाई आली. आमच्याकडे धाकट्यानं थोरल्याच्या घरी जायचं, वाकायचं, तिळगूळ घ्यायचा. तीच रीत इथे. कौसाबाईने गुडघ्यावर हात ठेवला, कमरेत वाकली, पाठीचं हाड कडकन् वाजलं, आणि तिने थोरल्या बहिणीच्या पायावर डोकं ठेवलं. पांढरं डोकं, काळ्या केसांच्या बाईच्या पायावर.

सुभद्राबाई पाय ओढून घेत म्हणाल्या, "नको गं कौसे. मला पाप लागंल."

"लागू दे. मला आई व्हायचं न्हाई तुझी. धाकटीच ऱ्हायचंय मला."

सुभद्राबाईंनी तिच्या तोंडात तिळगूळ घातला आणि म्हणाल्या, "चावता येतंय का, म्हातारे?" आणि दोघी हसत सुटल्या. मी मात्र हसू शकलो नाही. माणसाचं धान्य लुटणारे मी पाहिले आहेत. माणसाचं धाकटेपण लुटणारा इथेच पाहिला.

आत

दुसऱ्या दिवशी पहाट फुटताच मी दाढी करून, धोतर खोचून, विळा घेऊन रांगेत उभा राहिलो. मुकादमाला नवा मजूर मिळाल्याचा आनंद. चौकशीही केली नाही.

धोंडा ओलांडला तेव्हा कानात दडा बसला. चिमण्यांचा कलकलाट एका पावलात उतरला आणि बायामाणसांचा आवाज झाला. खणखणीत, गात असलेला. आणि बाहेरचं जग थांबल्यासारखं झालं. वाटेवरून बन्सीशेठची गाडी येत होती. बैलाचा पाय उचललेला, आणि तो खाली टेकायला घेईना. आकाशात एक घार खुंटीला टांगल्यासारखी. सूर्य निंबाच्या शेंड्याला चिकटलेला. मी कापत राहिलो, कापत राहिलो. पहिली भाकरी खाल्ली. बाहेर अजून सकाळच होती! विहिरीवर दगडू मोट हाकत होता. लांब रानाला पावसाचं पाणी पुरत नाही, मोट सतत चालवावी लागते. दगडू गात होता, बैल मागे पुढे जात होते, पाणी पाटात पडत होतं.

दुसऱ्या भुकेच्या आधी बाया बाभळीखाली आडव्या झाल्या. तेवढी झोप मुकादम देतो. फार मोठ्या मनानं. मी झोपेतून उठलो तो हातावर फोड, कमरेत पोलाद. तेव्हाच मुकादमाचा गडी बैलांची नवी जोडी घेऊन आत आला आणि मोटेची जोडी सोडून बाहेर न्यायला लागला.

मी शहरातला माणूस. मला वाटलं बैल आजारी पडले. दगडूला विचारलं, "यांना कुठे नेताय?"

"घरी. दमले ते."

"मग पुन्हा कधी आणणार?"

"उद्या. आता ही जोडी. ही दमली की तिसरी. तीन जोड्या लागत्यात दिवसाला. एकाच जोडीला ठेवलं तर बैल दोन वर्सात म्हातारं व्हतंय."

"आणि तू?"

"मी काय?"

"तुला कधी सोडतात?"

दगडू माझ्याकडे बघत राहिला. कासरा हातात तसाच. बाभळीखालच्या बायांनी माना वळवल्या. रोज डोळ्यांसमोर घडणारी गोष्ट होती ती, पिढ्यानपिढ्या. नव्या माणसाच्या वेडगळ प्रश्नानं ती एकदम उघडी पडली, माझ्यासाठीही आणि त्यांच्यासाठीही. मी तर अजून नीट समजलोही नव्हतो.

कौसाबाई हळूहळू उठून बसली. तिचा नवरा याच विहिरीवर मोटकरी होता. "तीन जोड्या," ती म्हणाली. "अन् माझा मालक एकटा." मग, "मेला म्हातारा होऊन. बैल अजून हायत त्याचे. तो लाल्या, तो बघा चालला."

लाल्या धोंड्यापाशी पोचला, ओलांडला, आणि बाहेरच्या मंद जगात शिरून उभ्याउभ्या चित्रातला बैल झाला.

पुढची सगळी योजना त्या बाभळीखाली झाली. तिथे वेळ भरपूर होता, आमच्या बाजूनं पहिल्यांदाच. कुणी म्हणालं, तिप्पट रोज मागू. कौसाबाई म्हणाली, "पैशानं दात परत येत न्हाईत. आपल्याला दिवस पायजे. बैल सुटले की आपण सुटायचं. बास."

संध्याकाळी बाहेर आलो तेव्हा बन्सीशेठ माझ्या गालावरची दाढी बघून म्हणाले, "सकाळी गुळगुळीत गेल्ते, अन् आता साधू होऊन आले!"

हुरड्याचे पाहुणे

दुसऱ्याच दिवशी तात्यासाहेबांनी अंबडहून नायब तहसीलदारांना हुरड्याला बोलावलं होतं. बायांचा एक तक्रारअर्ज त्या साहेबांकडे केव्हाचा पडून होता; हुरडा आणि चौकशी एकाच खर्चात उरकायची असा बेत. बांधावर घोंगडी अंथरली, आगटी पेटली, बाहेरच्या हिरव्या कणसांचा हुरडा, गूळ, लसणाची चटणी, वांगी. साहेब माणूस वाईट नव्हता. चष्मा पुसत हुरडा खात होता आणि म्हणत होता, "वल्लाह, काय चव आहे!"

हे मला नंतर कळलं; मी तेव्हा आत होतो. पहिली जोडी सुटली. गडी बैल घेऊन निघाला, आणि त्यांच्या मागोमाग कौसाबाई निघाली. तिच्या मागे बाया. मग दगडू, मोटेचा कासरा विहिरीवर सोडून. मग मी. मुकादम ओरडत आडवा आला. कौसाबाई त्याला वळसा घालून गेली, जसा नांगर धोंड्याला घालतो.

धोंडा ओलांडला. बाहेर सकाळ होती. कोवळी, थंड, धुराच्या वासाची.

तात्यासाहेब उभे राहिले. "ए! कुठं निघाल्या? दिवस मावळला का?"

"बैलाचा मावळला, मालक," कौसाबाई म्हणाली.

साहेबांच्या हातात कणीस तसंच राहिलं. त्यांनी बैलांकडे पाहिलं, बायांकडे पाहिलं, मग सूर्याकडे. "तात्यासाहेब, बैल इतक्या सकाळी का सोडले?"

"दमले, साहेब."

"इतक्यात दमले?"

तात्यासाहेबांनी आधीच लिहून दिलं होतं की लांब रान ही बायांची थाप आहे, दिवस सगळीकडे सारखाच. आता तेच त्यांच्या घशात अडकलं. शेवटी ते म्हणाले, आणि हे वाक्य मी मरेपर्यंत विसरणार नाही: "बैल विकत आणावे लागतात, साहेब."

आगटी तडतडत होती. मग कौसाबाई दोन पावलं पुढे आली, पदर सारखा केला. आवाज चढवला नाही.

"आमी जादा मागत न्हाई, साहेब. आमाला बैलाच्या बराबर करा."

साहेबांनी कणीस खाली ठेवलं. म्हणाले, "कायद्यात दिवस म्हणजे सूर्योदय ते सूर्यास्त. मला वर विचारावं लागेल." आणि जीपकडे निघाले. जाताना कौसाबाईला त्यांनी नमस्कार केला. वय बघून केला की कशानं, कोण जाणे.

सरकार वर विचारायला गेलं. आम्ही थांबायला नव्हतो बसलो.

भोरड्या

संप म्हटला की शहरात आम्ही आधी पत्रक काढतो. इथे पत्रकाची गरज पडली नाही. दुसऱ्या दिवशी एकही विळा धोंडा ओलांडून गेला नाही. बाया सुभद्राबाईंच्या अंगणात बसल्या, एकमेकींचे केस विंचरत.

मला धास्ती होती, यांचं पोट किती दिवस निभावेल? बन्सीशेठनी दुकानातून ज्वारीचं पोतं काढून अंगणात टाकलं. "उधार का?" एकीनं विचारलं. "गप बैस," शेठ म्हणाले. "माझ्या पोरीचं लग्न हाय. गावजेवण आधी घालून राह्यलो समज."

पण खरी गंमत पुढे. लांब रानात वेळ भरभर जातो ना? मग तो मालकासाठीही भरभर जातो! पिकलेला शाळू उभा, कापायला कोणी नाही. आमचा एक दिवस जातो तेवढ्यात त्याचे तीन दिवस वाळतात, कणसं गळतात. आणि दुपारी भोरड्यांचा थवा आला. काळ्या-गुलाबी, आभाळ झाकणारा. ज्वारी खायला हा पक्षी किती वाकबगार आहे हे मराठवाड्यातल्या माणसाला सांगायला नको. थवा रानात उतरला आणि त्यालाही आत तिप्पट वेळ मिळाला!

सगळं गाव बांधावर जमलं. आत तात्यासाहेब, मुकादम आणि गडी, तिघे गोफणी फिरवत भराभरा धावत होते, उन्हाळ्यातल्या मुंग्यांसारखे. त्यांच्या शिव्या आमच्यापर्यंत चिवचिवाटासारख्या येत होत्या. इकडून हाकललेला थवा तिकडे बसे. दगडू बांधावर मांडी घालून बघत म्हणाला, "भाऊ, आता करा की तुमचं भाषण. मालकाला झोप तरी लागंल."

गाव हसून हसून लोळलं. मीही.

तिसऱ्या दिवशी दुपारी तात्यासाहेब सुभद्राबाईंच्या अंगणात आले. दोन दिवसांत सहा दिवसांची दाढी वाढलेली, डोळे खोल. म्हणाले, "कौसे, चौथी भाकरी माझ्याकडून. वर गुळाचा खडा. चला आता."

"भाकरी नको, मालक. घरी येताना उन्ह पायजे डोईवर."

"तीन पाळ्या कराव्या लागतील मला. तिप्पट माणसं!"

"करा की. गावात माणसं हायत. बैल तिप्पट ठेवलेच की तुमी."

त्यांनी माझ्याकडे बघितलं, जणू मी हे शिकवलं. मी काय शिकवणार! मला हंबरण्यापलीकडे काय येत होतं? मग ते जोत्यावर बसले. नाल्याच्या बाजूने थव्याचा फडफडाट ऐकू येत होता. अखेर म्हणाले, "ठीक हाय. बैलासंगं."

"इथं न्हाई," कौसाबाई म्हणाली. "पारावर म्हणा. सगळ्यांसमोर."

आणि त्यांनी पारावर म्हटलं. सगळ्या गावासमोर, मारुतीच्या साक्षीनं. पहिली जोडी सुटेल तेव्हा पहिली पाळी सुटेल. माणसाला बैलाहून एक घटका जास्त राबवणार नाही.

उन्हातली परत

निघायच्या दिवशी मी मुद्दाम धोंड्यांपाशी जाऊन उभा राहिलो. आतून तो कलकलाट येत होता. लाल्या आणि त्याचा जोडीदार बाहेर आले. त्यांच्या मागे बाया. पहिली धोंडा ओलांडून आली आणि तिच्या तोंडातला चिवचिवाट एकदम गाणं झाला. मग दुसरी आली, तिसरी आली, आणि ते गाणं भरत गेलं, जसा पाट पाण्यानं भरतो. सकाळ अजून वर चढायची होती. नव्या पाळीच्या बाया आत निघाल्या होत्या. त्यांनी थांबून यांना वाट दिली. कोपऱ्यावर सुभद्राबाई उभ्या होत्या, त्या रडत होत्या.

कौसाबाई सगळ्यांत शेवटी आली. तिच्यासोबत मंगल. मी विचारलं, "मंगलला नेलंत?"

"नेलं. अन् आणलंबी. बैलासंगं." तिने मंगलच्या कपाळावरची धूळ पुसली. "माझी लेक लेकच ऱ्हाईल आता."

मग त्या बायांना कळेना, करायचं काय. समोर सगळा दिवस पडलेला! अशी अख्खी सकाळ त्यांनी लहानपणानंतर पाहिलीच नव्हती. एक नाल्यावर जाऊन केस धुवायला बसली. एक निंबाखाली पसरली आणि गाढ झोपली. दगडू तालमीत गेला आणि पहिल्याच कुस्तीत चितपट झाला, पण हसत उठला. कौसाबाई म्हणाली, "मी आंबडला जाते. बाजार दुपारी कसा दिसतो, बघितलाच न्हाई कधी." आणि ती शेठच्या गाडीत माझ्या शेजारी येऊन बसली.

माणसानं जिंकलेला प्रदेश नकाशावर दाखवतात. मोहरखेड्यानं जिंकला तो मला कोणत्याच नकाशावर दाखवता येत नाही. सकाळपासून संध्याकाळपर्यंत पसरलेला तो एक दिवस आहे, आणि तो त्यांचा आहे.

आता तुमचं काम. मोहरखेड्याच्या पलीकडे निवडुंगी नावाचं गाव आहे, तिथेही एक असंच रान आहे. तिथल्या मालकानं ही बातमी ऐकली आणि लगेच मोट मोडून विहिरीवर ऑइल इंजिन बसवलं. इंजिन दमत नाही, त्याला सोडावं लागत नाही. म्हणून तिथले मजूर अजून मावळतीपर्यंत आत असतात. त्यांची सुगी आता सुरू होते आहे. माझी विनंती एवढीच: या सुगीत एक सकाळ काढा, अंबडहून निवडुंगीला जा आणि चुन्याच्या धोंड्यांबाहेर बांधावर उभे राहा. घोषणा नको, भाषण तर नकोच. नुसते उभे राहा, पाच जण, दहा जण, जितके याल तितके, आतल्यांना दिसाल असे. तुमची तिथे एक घटका जाईल. आतल्यांना तुम्ही तीन घटका त्यांच्यासाठी उभे असलेले दिसाल.